मोबाईल हातात असताना भीती कशी वाटणार? मित्रांसोबत टेबलटॉप हॉरर गेम चालवण्याची पूर्ण पद्धत

हॉरर सिनेमात एक ठरलेला सीन असतो. हिरो फोन काढतो, वर बघतो आणि म्हणतो, "शी! रेंजच नाही." तिथेच आपल्याला हसू येतं, कारण लेखकाला फोनचं काय करायचं ते सुचलेलं नाही हे लगेच कळतं.

मित्रांना जमवून आजच्या काळातला हॉरर गेम चालवायचा असेल तर तुमच्यासमोरही हीच अडचण येते. प्रत्येक पात्राच्या खिशात टॉर्च, नकाशा, कॅमेरा आणि ११२ नंबर आहे. मग अडकायचं कसं, आणि घाबरायचं कशाला?

उत्तर सोपं आहे. फोन काढून घेऊ नका, तो चालू द्या. फोन चालतोय, तरीही उपयोग होत नाही, किंवा फोनच काहीतरी विचित्र दाखवतोय, ही आजची भीती आहे. पण खोटे मेसेज आणि खोटे फोटो वापरणार असाल तर ते टेबलावरून बाहेर जाणार नाहीत याची जबाबदारी तुमची. या लेखात दोन्ही गोष्टी पाहूया. सोबत सातारा-सांगलीच्या मंडळींना लगेच खेळता येईल अशी एक तयार गोष्टही आहे.

टेबलटॉप रोलप्लेइंग गेम म्हणजे नेमकं काय?

चार-पाच जण एकत्र बसतात. एक जण गोष्ट चालवतो आणि बाकीचे एकेक पात्र घेतात. गोष्ट चालवणारा सांगतो, "तुमच्या समोर अंधारी पायवाट आहे, काय करता?" खेळाडू सांगतात आणि गोष्ट पुढे सरकते. जिथे यश येईल की नाही हे नक्की नसतं, तिथे फासे टाकायचे. स्क्रीन नाही, ग्राफिक्स नाहीत, सगळं बोलण्यावर चालतं.

या प्रकारातला पहिला गाजलेला गेम 'डंजन्स अँड ड्रॅगन्स' १९७४ मध्ये अमेरिकेत आला. हॉररमध्ये सगळ्यात प्रसिद्ध नाव 'कॉल ऑफ कथुलू'चं. तो १९८१ मध्ये केऑसियम या कंपनीने काढला आणि सँडी पीटरसन यांनी लिहिला. त्यात पात्राच्या जिवाइतकीच त्याच्या मानसिक तोलाची मोजदाद होते. भयानक काही दिसलं की 'सॅनिटी'चे गुण कमी होतात. म्हणजे पात्र मरायच्या आधी खचत जातं, आणि खरी मजा त्यातच असते. या गेमचे सुरुवातीचे नियम कंपनीच्या साईटवर फुकट मिळतात.

गोष्ट चालवणाऱ्याला इंग्रजीत गेम मास्टर म्हणतात. आपण त्याला सरळ सूत्रधार म्हणूया, आणि सांगलीकरांना तर या शब्दाची ओळख करून द्यायलाच नको. १८४३ मध्ये सांगलीत विष्णुदास भाव्यांनी 'सीता स्वयंवर' रंगवलं. त्या सुरुवातीच्या नाटकांत पदं लिहिलेली असायची, सूत्रधार ती गात कथा पुढे न्यायचा आणि पात्रं आपले संवाद बरेचसे जागेवर रचून बोलायची. तुमच्या टेबलावर हेच होणार आहे. फक्त पदांच्या जागी फासे आहेत, आणि शेवट कुणालाच आधी माहीत नाही.

काय काय लागेल?

• माणसं: एक सूत्रधार आणि तीन ते पाच खेळाडू. त्याहून जास्त झाले की गप्पाच जास्त होतात.
• वेळ: तीन तास. रात्री जेवणं उरकून बसलात तर उत्तम.
• फासे: दहा बाजूंचे दोन फासे, एक दशकाचा आणि एक एककाचा. नसतील तर सूत्रधाराच्या फोनवर कुठलंही डाइस ॲप चालेल.
• कागद-पेन: प्रत्येकाला एक कागद.
• एक रिकामा डबा: खेळाडूंचे खरे फोन त्यात. का ते पुढे येईलच.

नियम एवढेच ठेवा. प्रत्येक पात्राला तीन कौशल्यं द्या: एक ६०, एक ४५, एक ३०. उदाहरणार्थ चढाई ६०, समजूत काढणं ४५, मोबाईल-टेक ३०. फासे टाकल्यावर १ ते १०० मधला आकडा येतो. तो कौशल्याच्या आकड्याइतका किंवा कमी आला तर जमलं.

याशिवाय प्रत्येकाला 'धीर' १० गुण. भीतीदायक काही दिसलं की फासे टाकायचे. ५० किंवा कमी आला तर १ गुण जातो, जास्त आला तर ३. धीर शून्यावर आला तर पात्र पळत सुटतं किंवा गोठून बसतं, आणि पुढची दहा मिनिटं त्याचं काय होतं ते सूत्रधार सांगतो.

फोनचं काय करायचं? चार युक्त्या

१. बॅटरी हाच खजिना. कागदावर प्रत्येकाने आपल्या पात्राची बॅटरी लिहायची, सुरुवात ६० टक्के. टॉर्च एका सीनपुरता लावला की १०, व्हिडिओ काढला की १०, कॉल केला की ५ वजा. अर्ध्या तासात खेळाडू स्वतःहून अंधारात चालायला तयार होतात, तुम्हाला काही सांगावं लागत नाही.

२. रेंज द्या, पण फुकट नको. रेंज आहे, फक्त वरच्या कातळावर आहे. तिथे एकानेच जाता येतं. म्हणजे फोन लावायचा तर गट फुटतो. हा निर्णय खेळाडूंचा असतो, त्यामुळे पुढे काही वाईट झालं तर तुमच्यावर कुणी चिडत नाही.

३. मदत येतेय, पण उशिरा. कॉल लागतो. समोरचा माणूस नीट बोलतो, मदत पाठवतो आणि सांगतो, "दोन तास लागतील, आहे तिथेच थांबा." आता "आहे तिथेच थांबा" हेच सगळ्यात भीतीदायक वाक्य झालं.

४. फोन खरं सांगतो, पण ते पटत नाही. शेजारी बसलेल्या मित्राचा मेसेज येतो, "मी खाली उभा आहे, कधी येताय?" इथे रेंज गेलेली नाही, उलट गरजेपेक्षा जास्त आहे.

तयार गोष्ट: 'सहा जण'

आता हे सगळं वापरून एक गोष्ट मांडूया. गोष्ट पूर्ण काल्पनिक आहे, जागा मात्र ओळखीची.

पाच मित्र, काही साताऱ्याचे, काही सांगलीचे, वासोट्याला निघालेत. बामणोलीहून बोटीने कोयनेच्या शिवसागर जलाशयातून पलीकडे जायचं, किल्ला चढायचा आणि संध्याकाळच्या आत परत यायचं. जंगल राखीव आहे, मुक्काम करता येत नाही. त्यामुळे 'अंधाराच्या आत बोट गाठा' हे घड्याळ गोष्टीत आपोआप येतं.

फक्त सूत्रधाराला माहीत असलेलं रहस्य: या पाण्यापाशी कुणी माणसं मोजली की एक जास्त भरतो. तो जास्तीचा 'कुणीतरी' प्रत्येक मोजणीनंतर जवळ येतो. शेवटी तो कुणाची तरी जागा घेतो आणि त्या माणसाचं नाव बाकीच्यांना आठवेनासं होतं. उपाय एकच: मोजायचं नाही, नावं घ्यायची. ज्याला नाव नाही त्याला बोटीत जागा नाही.

पहिला भाग, सकाळ. म्हातारे नाववाले काका बोट सोडायच्या आधी प्रत्येकाचं नाव विचारतात, पण मोजत मात्र नाहीत. खेळाडूंना यात काही वाटणार नाही, वाटूही देऊ नका. सेल्फी काढा, थट्टा-मस्करी चालू द्या. हा भाग घाईने उरकू नका. पात्रं आवडली तरच पुढे त्यांची काळजी वाटते.

दुसरा भाग, दुपार. उतरताना उशीर होतो. आता तीन खुणा पेरा:
• सकाळच्या सेल्फीत सहा डोकी दिसतात. पण बोटीत प्रत्येकाने नाव सांगत काढलेल्या व्हिडिओत पाचच जण आहेत.
• ट्रिपच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर '६ सदस्य' दिसतंय. यादी उघडून नावं वाचली तर पाच.
• काकांनी नावं विचारली होती, मोजलं नव्हतं, हे कुणाला तरी आठवतं.

तीन खुणा का? अमेरिकन गेम-लेखक जस्टिन अलेक्झांडर यांचा 'थ्री क्लू रूल' प्रसिद्ध आहे. खेळाडूंनी एखादा निष्कर्ष काढायला हवा असेल तर त्यासाठी किमान तीन खुणा ठेवा. एक त्यांच्या नजरेतून सुटते, दुसरीचा ते भलताच अर्थ लावतात, तिसरी लागू पडते. आपल्या तिन्ही खुणा एकच सांगतात: आकडा सहा, नावं पाच.

तिसरा भाग, संध्याकाळ. काठावर बोट उभी आहे, पण काका नाहीत, त्यांचा पुतण्या आलाय. इथला संवाद साधारण असा होऊ शकतो:

सूत्रधार: तो बोट धरून उभा आहे. म्हणतो, "चला दादा, बसा पटापट. सहा जण ना?"
खेळाडू: अरे नाही, आम्ही पाच.
सूत्रधार: तो तुमच्या मागे बघतो आणि गप्प होतो.
खेळाडू: मी मागे नाही बघत. लाइव्ह लोकेशन उघडतो.
सूत्रधार: बॅटरी पाच कमी कर. पाच ठिपके काठावर आहेत. सहावा पाण्याच्या मधोमध आहे, आणि तो तुमच्याकडे सरकतोय.

बघा, कुठे रक्त नाही, किंकाळी नाही. रोजच्या वापरातलं एक फीचर एक ठिपका जास्त दाखवतंय, एवढंच.

चौथा भाग, बोट. पुतण्या म्हणतो, वहीत सहा लिहिलेत, सहा बसल्याशिवाय बोट सोडता येत नाही. खेळाडूंनी पुन्हा मोजलं तर ठिपका आणखी जवळ. कुणाची बॅटरी संपली तर त्याचं नाव ग्रुपच्या यादीतून गायब होतं, आणि ते आठवायला बाकीच्यांना फासे टाकावे लागतात. पाचही जणांनी एकमेकांची नावं मोठ्याने घेतली तर बोट सुटते. नाही सुचलं तर बोट सहा जणांना घेऊन सुटते. मग शेवटचा प्रश्न हळू आवाजात विचारा, "तुमच्यापैकी कुणाचं नाव आता कुणालाच आठवत नाहीये?" आणि तिथेच थांबा.

खेळ सुरू करण्याआधी पाच मिनिटं बोला

हा भाग सोडू नका. भीतीची मजा येते ती आपण सुरक्षित आहोत हे माहीत असतं म्हणून.

आपल्या गोष्टीत पाणी आहे, बोट आहे. ऑगस्ट २०१९ च्या पुरात सांगलीत आयर्विन पुलापाशी कृष्णेची पातळी ५७ फुटांवर गेली होती. तुमच्या टेबलावर बसलेल्या कुणी तेव्हा घराच्या गच्चीवर बोटीची वाट बघत रात्र काढली असेल. त्याच्यासाठी हा सीन मनोरंजन नाही. पाटण-कोयनेकडच्या घरांमध्ये ११ डिसेंबर १९६७ च्या भूकंपाच्या आठवणी अजून सांगितल्या जातात. आणि शिवसागराच्या पाण्याखाली खरी गावं गेली आहेत, त्यांची माणसं विस्थापित झाली आहेत. म्हणून आपल्या गोष्टीतला 'सहावा' हा त्या गावांपैकी कुणाचं भूत नाही. लोकांच्या दुःखाचं भूत करायचं नाही.

यासाठी जगभरचे खेळाडू दोन साधी साधनं वापरतात.

नको असलेल्या गोष्टींची यादी: आधीच विचारा, कोणता विषय अजिबात नको? कोणता चालेल, पण वर्णन नको? लाजून कुणी बोलणार नसेल तर चिठ्ठीवर लिहून घ्या किंवा सूत्रधाराला खासगी मेसेज करू द्या. कारण विचारायचं नाही.

एक्स कार्ड: कागदावर फुली मारून टेबलाच्या मध्ये ठेवा. कुणीही त्यावर बोट ठेवलं की तो सीन तिथेच बदलायचा. चर्चा नाही, चिडवणं नाही. ही कल्पना जॉन स्टॅव्हरोपुलोस या गेम-डिझायनरची.

पाणी कुणाला नको असेल तर गोष्ट उचलून चाळकेवाडीच्या पठारावर न्या. धुकं, पवनचक्क्यांचा आवाज, बोटीच्या जागी भाड्याची जीप. सहावा ठिपका धुक्यातून येईल. गोष्टीचा सांगाडा तोच राहतो.

खोटा मेसेज टेबलाबाहेर गेला तर?

सगळ्यात महत्त्वाचा मुद्दा हा. तुम्ही गेमसाठी एक फोटो बनवला, सहा डोक्यांचा. किंवा घाबरलेल्या आवाजात व्हॉइस नोट रेकॉर्ड केली. टेबलावर धमाल आली. मग एकाने गंमत म्हणून तो फोटो गावच्या ग्रुपवर टाकला. तिथून पुढे तो 'गेम' राहत नाही, 'वासोट्याला असं घडलं म्हणे' होतो.

हे हसण्यावारी नेण्यासारखं नाही. १ जुलै २०१८ रोजी धुळे जिल्ह्यातल्या राईनपाड्यात जमावाने पाच जणांना ठार मारलं. मुलं पळवणारी टोळी आल्याच्या अफवा त्याआधी मोबाईलवर फिरत होत्या. सप्टेंबर २०२२ मध्ये आपल्याच सांगली जिल्ह्यात, जत तालुक्यातल्या लवंगा गावात, उत्तर प्रदेशातून आलेल्या चार साधूंना अशाच संशयावरून मारहाण झाली. त्याच वर्षी जूनमध्ये मिरज तालुक्यातल्या म्हैसाळमध्ये एका कुटुंबातले नऊ जण मृतावस्थेत सापडले, आणि या प्रकरणात पोलिसांनी गुप्तधनाचं आमिष दाखवल्याच्या आरोपावरून एका मांत्रिकाला अटक केली. सातारा हे डॉ. नरेंद्र दाभोलकरांचं गाव. राज्यात २०१३ पासून जादूटोणाविरोधी कायदा आहे. घबराट पसरवणाऱ्या अफवांसाठी भारतीय न्याय संहितेत कलम ३५३ आहे. म्हणजे भुताची गोष्ट सांगायला आपल्याकडे कुणाची ना नाही. नारायण धारप आणि रत्नाकर मतकरींनी मराठी वाचकांना वर्षानुवर्षं घाबरवलंच की! पण त्यांची पुस्तकं 'कथा' म्हणून छापली गेली. फॉरवर्डवर तसं काही लिहिलेलं नसतं.

म्हणून हे नियम पाळा:

• प्रत्येक फोटोवर मधोमध मोठ्या अक्षरांत 'गेम' लिहा. कोपऱ्यात नको, कोपरा क्रॉप होतो.
• व्हॉइस नोटची सुरुवात "हा खेळ आहे" या शब्दांनी करा.
• गेमसाठी वेगळा ग्रुप काढा, नावच 'गेम: सहा जण' ठेवा. डिसअपिअरिंग मेसेज २४ तासांवर लावा. फोटो 'व्ह्यू वन्स'ने पाठवा. तरीही दुसऱ्या फोनने स्क्रीनचा फोटो काढता येतो, त्यामुळे वरचे दोन नियम सोडू नका.
• खेळाडूंचे फोन डब्यात. टेबलावर एकच 'गेमचा फोन', त्यावरच सगळे मेसेज येतील. लक्ष विचलित होत नाही आणि काही फॉरवर्डही होत नाही.
• खऱ्या माणसाचा चेहरा, एआयने बनवलेला ओळखीच्या माणसाचा आवाज, खरं घर, खरं आडनाव वापरू नका. एखाद्या वाड्याला 'झपाटलेला' म्हटलं की तिथे राहणाऱ्यांना त्याचा त्रास होतो.
• ११२ वर किंवा कुणाच्या घरी खरा कॉल कधीच लावायचा नाही. तो कॉल सूत्रधार तोंडाने करतो.

खेळ संपवायचा कसा?

दिवे लावा. सूत्रधाराने स्पष्ट म्हणायचं, "खेळ संपला." मग दहा मिनिटं चहा घेत गप्पा: कुठे घाबरलात, कोणती खूण आधी कळली, काय आवडलं नाही. याच वेळी सगळ्यांसमोर गेमचा ग्रुप रिकामा करा. रात्री एकट्याने गाडीवर घरी जाणाऱ्याला पोहोचल्यावर मेसेज करायला सांगा.

नेहमी विचारले जाणारे प्रश्न

एक मित्र पुण्यात आहे, ऑनलाइन खेळता येईल का?
हो. गूगल मीट किंवा डिस्कॉर्डवर चालतं. कॅमेरे बंद ठेवून फक्त आवाजावर खेळलात तर उलट जास्त रंगतं. खेळाडूंची संख्या मात्र चारच्या पुढे नको.

कुणी सतत विनोद करत असेल तर?
पहिला तासभर करू द्या, घाबरलेली माणसं हसतातच. नंतर त्याच्याच पात्राला तो विचित्र मेसेज पाठवा.

सूत्रधाराला अभिनय यायलाच हवा का?
नाही. हळू बोला आणि वाक्यानंतर थोडं थांबा. आवाज बदलण्यापेक्षा शांतता जास्त काम करते.

घरचे म्हणाले, "रात्री असले खेळ नकोत", तर?
त्यांना शेजारी बसवा आणि एक्स कार्ड दाखवा. जमलं तर आजीलाच नाववाल्या काकांचं काम द्या. नावं कशी विचारायची हे तिला शिकवावं लागणार नाही.